मफलरवाल्याचा शर्ट

सकाळपासून शिंप्याचा जीव थाऱ्यावर नव्हता. उठायचा, दारापर्यंत जायचा, परत मशीनवर येऊन बसायचा. बसणार तरी कसा स्वस्थ? आज मफलरवाला शर्ट घालून बघायला यायचा होता.

हा मफलरवाला म्हणजे चौदा वर्षांपूर्वी तोंडाला मफलर गुंडाळून भरदिवसा बँक लुटणारा. दारावरच्या रखवालदाराला त्यानं गोळी घालून ठार केलं, आणि तो रखवालदार म्हणजे शिंप्याचा धाकटा भाऊ. आता शिक्षा भोगून बाहेर आला, तर लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं! दुकानांच्या फिती कापायला बोलावणं काय, टीव्हीवर मुलाखत काय! ऐन उन्हाळ्यात पोरं गळ्यात मफलर गुंडाळून घाम पुसत हिंडत होती. कर्म!

मुलाखतीसाठी शर्ट शिवायला तो गर्दीसकट नेमका याच दुकानात आला. शिंपी कुणाचा भाऊ, त्याला काय ठाऊक! लोक टाळ्या वाजवत होते आणि शिंप्याच्या तोंडून 'नाही' काही फुटेना. मुकाट्यानं माप घेतलं. छाती बेचाळीस.

काज-बटणं करायला बसणारी भावजय, त्या धाकट्याचीच बायको, सुई खाली ठेवून म्हणाली, "दादा, त्या शर्टाला मी हात लावणार नाही. आणि तो इथून त्याच्या अंगावर गेला, तर उद्यापासून माझी वाट बघू नका." तिच्याशिवाय शिंप्याला होतं तरी कोण?

मफलरवाला आला. कच्च्या टाक्यांचा शर्ट त्यानं चढवला, तर खांद्यातच अडकला. पुढच्या बाजू जुळेनात. दारातली गर्दी मोबाईल उंचावून खिदळली.

"अरे, कुणाच्या मापाचा शिवलास?" मफलरवाला खेकसला.

शिंप्यानं टेप लावून पाहिली. छत्तीस! कापायला तो शिकला होता धाकट्याच्या मापावर. चित्त ठिकाणावर नसलं की हात आपसूक तेच माप धरायचे.

"भावाच्या," तो म्हणाला. "बँकेच्या दारात उभा असायचा. तुम्ही पाहिलंय त्याला."

खिदळणं थांबलं. मफलरवाल्यानं शर्ट ओढून काढला, टाके तटातट तुटले. "दुसरा शिव."

"नाही शिवणार."

मफलरवाला पलीकडच्या दुकानात गेला, गर्दीही त्याच्यामागे गेली. शिंपी परत मशीनवर येऊन बसला. भावजयीनं तो उसवलेला शर्ट उचलला, खांदे हातानं सारखे केले, सुई ओवली आणि पहिलं काज करायला घेतलं.