आमच्या हौदात रेकॉर्ड झालेलं गाणं

गेल्या रविवारी आमच्या बँडनं अल्बममधलं शेवटचं गाणं रेकॉर्ड केलं... स्टुडिओत नाही, सिडकोतल्या माझ्या घराच्या अंगणात जो पाण्याचा हौद आहे, त्यात उतरून.

बँड म्हणजे आम्ही तिघंच. इम्रान गिटार वाजवतो आणि गातो, शिरीष ड्रम्सवर, मी बास गिटारवर. इंजिनिअरिंगच्या गॅदरिंगपासून जुन्या धाटणीचं रॉक वाजवतोय. आता इम्रानचं कापडाचं दुकान आहे, शिरीष कॉलेजात शिकवतो, मी वाळूजला नोकरी करतो... आणि पस्तिशीत ठरलेला अल्बम पन्नाशीत निघतोय.

दोन वर्षांपूर्वी माझी बायको, सुनीता गेली. मुलगी रेवा नोकरीला बंगळुरूला. घरात मी एकटाच.

आमच्याकडे पाणी रोज येत नाही. ज्या दिवशी येतं त्या दिवशी धावपळ. सुनीता होती तेव्हा मी अंगणात हौदापाशी आणि ती स्वयंपाकघरात, अशी आमची वाटणी असायची. पाइपातून आधी हवा सुटायची, की मी ओरडायचो, "नळ आले गं!"

या उन्हाळ्यात एका सकाळी इम्रान प्रॅक्टिससाठी जरा लवकर आला. तो गेट उघडत होता, तेवढ्यात पाइपात हवा सुटली. मी सवयीनं स्वयंपाकघराच्या खिडकीकडे बघून हाक मारली... आणि तसाच उभा राहिलो.

इम्रान आत आला. गिटार ओट्यावर ठेवली, बाह्या वर केल्या आणि माझ्यासोबत हंडे भरले.

चार दिवसांनी त्यानं एक कागद माझ्या हातात दिला. तीन कडवी होती, आणि ध्रुवपद म्हणजे फक्त ती हाक. मला इतका राग आला... माझ्या घरातली गोष्ट यानं न विचारता उचलली, असं वाटलं. दोन दिवस त्याचा फोन घेतला नाही.

तिसऱ्या दिवशी कागद पुन्हा वाचला. नकळत बास हातात घेतली. तीन सूर, तेच तेच, आणि मधे एक मात्रा रिकामी... तिथं काहीच वाजवावंसं वाटेना. शिरीषनं ऐकलं आणि कधी नव्हे ते स्टिक्स बाजूला ठेवून हलक्या आवाजात वाजवायचे ब्रश घेतले. त्याच्या घरी एका खोलीत भिंतींना गोधड्या टांगून आम्ही ड्रम्स, बास, गिटार सगळं रेकॉर्ड केलं.

अडलं ते इम्रानच्या गाण्याच्या आवाजापाशी. बंद खोलीत तो कोरडा यायचा. कॉम्प्युटरवर एको टाकता येतो, पण इम्रानला तो चालेना. कॉलेजात असताना वेरूळच्या लेण्यात त्यानं मोठ्यानं 'आ' लावून रखवालदाराची बोलणी खाल्ली होती... तेव्हापासून याला खऱ्या भिंतींचाच आवाज लागतो.

"मिल्या, तुझा हौद रिकामा कधी असतो?" त्यानं विचारलं.

रविवारी दुपारी पाणी येणार होतं, म्हणजे सकाळी हौद अगदी तळाला गेलेला. तळ पुसून घेतला, शिडी लावली, माइक खाली सोडला. शिरीष लॅपटॉप आणि हेडफोन घेऊन अंगणात बसला.

इम्राननं कडवी छान म्हटली. पण ध्रुवपद आलं की तो गायला लागायचा, सूर लांबवायचा. पाच टेक झाले. शिरीष म्हणाला, "इम्रान, तू गातोयस रे. हाक नाही मारत."

इम्रानचं घामेजलेलं डोकं हौदातून वर आलं. "मेरे से नहीं होता यार. मैं बोला तो झूठ लगता. मिल्या, तू उतर."

"मला गाता येत नाही, माहितीय ना तुला?"

"गायचंय कुठं? हाक मार."

उतरलो. खाली गारवा होता, वर आभाळाचा चौकोनी तुकडा. डोळे मिटले आणि जशी मारायचो तशीच हाक मारली.

चारही भिंतींवरून ती फिरली आणि परत माझ्याकडे आली... दोन वर्षांत त्या घरात माझ्या हाकेला पहिल्यांदाच काहीतरी उत्तर आलं होतं. आवाज माझाच होता. पण आला होता.

मी पुन्हा हाक मारली. मग पुन्हा. गाण्याला इतक्यांदा नको होती. किती वेळा मारली, आठवत नाही... वरून कुणीही "बस" म्हणालं नाही.

मग पायाला गार पाणी लागलं आणि वरून इम्रान ओरडला, "अरे बाहेर ये, नळ आले!"

माइक छातीशी धरून वर आलो. शिरीष म्हणाला, चहा टाकतो. इम्राननं माझा हात बराच वेळ सोडला नाही.

बुधवारी गाणं तयार झालं. रेवाला पाठवलं. खरंतर तिला मी यातलं काहीच कधी सांगितलं नव्हतं. रोजच्या फोनवर तिनं 'कसा आहेस' विचारलं की माझं उत्तर ठरलेलं... मजेत आहे.

तासाभरानं तिचा फोन आला. "बाबा, तू अजून आईला हाक मारतोस?"

"कधी कधी," मी म्हणालो.

ती म्हणाली, "मी पण मारते. ऑफिसमधून आले, दार उघडलं की 'आई, आले गं' म्हणते. रूममेटला वाटतं मी फोनवर बोलतेय."

रोज फोन करत होतो, आणि एवढंच एकमेकांना सांगितलं नव्हतं.

त्या दिवशी आम्ही दीड तास सुनीताबद्दल बोललो. ती गेल्यापासून पहिल्यांदाच. रडलो, हसलोही. फोन ठेवला तेव्हा घर नेहमीसारखंच शांत होतं, ते काही बदललेलं नाही... पण माझ्यासारखंच कुणीतरी तिकडे आहे, हे आता मला माहीत आहे.

इम्रान, शिरीष... तोंडावर आभार मानले तर शिव्या घालाल, म्हणून इथं लिहितोय.