लिसांद्रोसला हवी होती एक पानथरी

लिसांद्रोस माव्रोमातिसला फक्त एक आजारी माणूस हवा होता. आणि दलदलीकाठचं ते अख्खं गाव सणाचे कपडे घालून त्याच्यापुढे उभं होतं.

"आजारी कोण आहे?" त्याने चौथ्यांदा विचारलं.

"कोणी नाही, साहेब," सरपंच स्तेरगिओस म्हणाला. "देवाची कृपा."

त्याच्या मागे तीन बायका हुडहुडी भरून कापत होत्या. १९३१ सालचा जुलै चालू होता, ऊन रणरणत होतं.

फेदोन कॅमेऱ्याशी उभा होता. साहित्याची पदवी घेऊन तो पडद्यावरच्या पाट्या लिहायला आला होता. आता कॅमेऱ्याची मूठही तोच फिरवायचा. लिसांद्रोसकडे दुसरं कोणी टिकत नसे. औषधांचं चालतं दुकान भावाच्या गळ्यात घालून या माणसाने कॅमेरा घेतला. बारा वर्षं मोतीबिंदू, हर्निया, कुत्रं चावल्यावरची सुई, असल्याच फिल्मा काढल्या. हे खूळ अथेन्समध्ये दुसऱ्या कोणाला नव्हतं. फिल्मा बघत ते डॉक्टर, तेही जांभया देत.

ही फिल्म मात्र गावोगाव दाखवायची होती. हिवतापाने पोटातली पानथरी केवढी सुजते हे डोळ्यांनी पाहिल्याशिवाय लोक त्यावरचं कोयनेल गिळणार नव्हते. सरकारी गोळ्या ते कोंबड्यांना घालत. सोबत आलेल्या डॉक्टर कालिगास यांची परतीची गाडी साडेपाचला होती. कॅमेऱ्यात फिल्म तीन मिनिटांचीच उरली होती.

स्तेरगिओसने एक दांडगा तरुण पुढे ढकलला. "याचं काढा. पोट बघा, दगड आहे."

"हा तुमच्या गावचा?"

"डोंगरावरच्या गावचा. तुमच्यासाठी मागून आणला."

लिसांद्रोसने टोपी जमिनीवर आपटली. "अरे बाबा, मी पैलवान निवडायला आलोय का?"

"आमची पोर आजारी दिसली तर तिला मागणी कोण घालेल? तू?" एक म्हातारी म्हणाली. "पाहुण्याला चांगलंच दाखवतात. आईने शिकवलं नाही?"

"शिकवलं, आजी. तिचंच चुकलं."

डॉक्टरांनी घड्याळ काढलं. ते पाहून लिसांद्रोसने कोट काढला, सदरा वर केला आणि चर्चसमोरच्या बाकावर आडवा झाला.

"चला, डॉक्टर. पेन्सिल घ्या."

डॉक्टरांची बोटं बरगडीखालून चाचपत निघाली. पानथरीची कड लागली ती थेट बेंबीशी. उन्हाळाभर हा माणूस फेदोनसोबत ओझी उचलत, शिव्या देत फिरला होता. अधूनमधून भर दुपारी दोन घोंगड्या पांघरून पडायचा आणि डोकं दुखतंय म्हणायचा.

"कोयनेल घेत नाही?" डॉक्टरांनी विचारलं.

"घेतलं की कानात घूं घूं होतं. पानथरीभोवती रेघ मारा आता. आणि फेदोन, गळ्याच्या वरचं काही घेऊ नकोस. माझ्याही घरी लग्नाची मुलगी आहे."

म्हातारी हसली. तिने टोपी उचलली, झटकली आणि त्याच्या तोंडावर ठेवली.

फेदोन मूठ फिरवू लागला. सेकंदाला दोन फेरे. काळी रेघ बेंबीला वळसा घालून पूर्ण झाली. डॉक्टरांनी हात उचलला, तरी तो फिरवतच राहिला.

"बस कर," टोपीखालून आवाज आला. "फिल्म काय झाडाला लागते?"