ताई मध्यान्हपूर्वच आली होती

माझ्या बहिणीला तिच्या ऑफिसनं फसवलं. रुजू झाली त्या पहिल्याच दिवशी फसवलं, आणि ती निवृत्त होईपर्यंत तोच खोटा कागद पुढे सरकवत राहिलं. ताई स्वतः असं कधी म्हणाली नसती. तिचा शब्द होता, "नोंद चुकली." मी सरकी-ढेपेचा व्यापारी आहे. कुणी काटा मारला तर मी त्याला चूक म्हणत नाही.

सहा आठवड्यांपूर्वी पांढरकवड्याला दुकानासमोर ट्रक खाली करून घेत होतो, तेव्हा यवतमाळहून भाचीचा फोन आला. "मामा, आई गेली. नऊ चाळीसला." अशा वेळी अर्चनानं घड्याळ कसं पाहिलं, असं दुसऱ्या कुणाला वाटलं असतं. मला नाही वाटलं. शोभाताईच्या घरात प्रत्येक गोष्टीवर वेळ लिहिलेली असायची... गॅसच्या पावतीवर, दळणाच्या डब्यावर, मला पाठवलेल्या राखीच्या पाकिटावरसुद्धा. कोपऱ्यात बारीक अक्षर: सकाळी १०.१५, म.पू. म्हणजे मध्यान्हपूर्व. मी जेवायला उशिरा पोचलो की ती दारातच म्हणायची, "या बापू, मध्यान्होत्तर आले." आणि ताटात पोळी गरमच पडायची.

ही सवय तिला कशी लागली ते सांगतो. भाऊजी नोकरीत असतानाच वारले. अर्चना तेव्हा अंगणवाडीतही जात नव्हती. त्यांच्याच खात्यात ताईला अनुकंपेवर लिपिकाची नेमणूक मिळाली. आम्ही दोघं केळापूरहून पहिल्या एसटीनं निघालो. यवतमाळच्या ऑफिसात पोचलो तेव्हा भिंतीवरच्या घड्याळात अकरा वीस झाले होते. ताईनं रुजू झाल्याचा अर्ज आवक खिडकीवर दिला, त्यावर शिक्का आणि नंबर पडला. बडे बाबू म्हणाले, साहेब मिटिंगमध्ये आहेत, बसा. ती बाकावर बसली. मी मात्र बसलो नाही. बाजारात एक जुना वजनकाटा विकायला असल्याचं कळलं होतं, तो बघायला गेलो आणि तीन तास भाव करत राहिलो. मनासारखा सौदा झाला, म्हणून छाती फुगवून परत आलो.

तोवर काम होऊन गेलं होतं. त्याच दिवशी अनुकंपेवरच लागलेला दुसरा उमेदवार जेवणाच्या सुट्टीत आला, बडे बाबूंच्या ओळखीचा. दोन वाजता साहेब आले. बाबूंनी ताईला सांगितलं, बाई, आता दोन वाजले, अर्जावर मध्यान्होत्तर लिहा. तिनं आपल्या हातानं लिहिलं. नवीन माणूस, साहेबाच्या ऑफिसात बाबू सांगतात ते खरंच असणार! त्या दुसऱ्याच्या अर्जावर मात्र मध्यान्हपूर्व लिहिलं गेलं. दुपारनंतर रुजू झालेल्याची नोकरी दुसऱ्या दिवसापासून मोजतात, हे तिला ठाऊक नव्हतं. एका दिवसानं तो ज्येष्ठता यादीत तिच्या वर गेला. मग प्रत्येक बढती आधी त्याची, नंतर हिची, आणि अधीक्षकाची जागा तर एकच. ज्याच्या दोन तास आधी ती बाकावर बसली होती, त्याच्याच हाताखाली तिनं शेवटची अकरा वर्षं काढली.

त्या माणसाशी ती कधी वाकडं बोलली नाही. त्याची बायको नागपूरला दवाखान्यात होती, तेव्हा त्याचं टेबल हिनंच सांभाळलं. मी चिडलो तर म्हणे, "त्याच्यावर कायले रागावतं? भांडण कागदाशी हाय."

पुढे तिची बदली आवक-जावकच्या टेबलावर झाली. तिथं जुनं रजिस्टर हाती लागलं. त्यात तिच्या अर्जाचा नंबर आधी आणि त्या माणसाचा नंतर. आधी आलेला कागद दुपारनंतरचा आणि नंतर आलेला दुपारआधीचा, हे कोणत्या हिशेबात बसतं? मी म्हटलं, ते पान फोटो काढून आण. ती म्हणाली, रजिस्टर सरकारी आहे, नक्कल रीतसर मागीन. मागितली. नक्कल आली नाही. मग तिनं न्यायाधिकरणात दावा लावला. वकिलानं मला विचारलं, तुम्ही सोबत होता ना, साक्ष द्याल? तेव्हा मला तो वजनकाटा आठवला... अर्ज खिडकीवर दिला तेव्हा मी होतो, पण त्यावर मध्यान्होत्तर लिहून घेतलं तेव्हा मी तिथं नव्हतो, हेच खरं उत्तर होतं.

माझ्या स्वभावाप्रमाणे मी परस्पर, ताईच्या वर गेलेल्या त्या गृहस्थाच्या घरी जाऊन सौदा ठरवून आलो. ताईनं दावा मागे घ्यायचा, त्यानं वजन वापरून तिची बदली पांढरकवड्याला, माझ्या घराजवळ करून द्यायची. मला वाटलं, ती खूश होईल. तिनं हातातलं लाटणं खाली ठेवलं.

"बापू, माहा नंबर काय ढेप हाय, भाव करून राह्यला तू?"

"मग तुले पाह्यजे तरी काय?"

"बरोबर लिहिलेलं पाह्यजे. बस."

लाटणं उचलून ती पुन्हा पोळ्या लाटू लागली.

दावा चालू असतानाच ऑफिसनं जुनी रजिस्टरं रद्दीत काढायची यादी केली. त्यात तेही होतं. ताईनं लेखी टिपण दिलं की या रजिस्टरावर दावा चालू आहे, ते राखून ठेवावं. टिपणावर साहेबांची सही झाली, "पाहिले". आणि पुढच्या आठवड्यात रजिस्टर रद्दीत गेलं. ती निवृत्त झाली. तारखा पडत राहिल्या. आता अर्चना वारस म्हणून दावा चालवते आहे.

तेराव्यानंतर अर्चनानं मला लिंबाच्या लोणच्याची बरणी दिली. ताईनं आजारपणातच घातलेलं. झाकणावर कागदाची पट्टी, तेच बारीक अक्षर: बापूसाठी, ११.२०, म.पू. तिनं ती वेळ मुद्दाम लिहिली की खरंच तेव्हाच लोणचं घातलं, मला माहीत नाही. बरणी दुकानात, काट्याशेजारी ठेवली आहे. अजून उघडली नाही.

बाकावर मी बसलो नाही, त्याचं मी भोगतो आहे. पण तिचं टिपण पाहिलं, असं लिहून ज्यांनी सही केली, त्यांनी सांगावं की पाहूनही ते रजिस्टर रद्दीत का जाऊ दिलं. उत्तर लेखी द्या, अर्चनाच्या नावानं द्या. आणि साहेब, सहीखाली वेळ घाला.