सतरा सेकंदांची तंद्री

घरात तिला तंद्रीबाई म्हणत. तिला दुधाकडे लक्ष ठेवायला सांगितलं, की ते हमखास उतू जायचं. मग आई कडाडायची, "तंद्रीबाई, जमिनीवर या!"

अशा मुलीच्या हाती टेलिव्हिजन केंद्रातल्या साहेबांनी कार्यक्रमांची वेळ मोजायचं स्टॉपवॉच द्यावं, हा विनोदच. पण तीन वर्षं तिनं ते डोळ्यांत तेल घालून सांभाळलं. काचेपलीकडे स्टुडिओतले दिवे लागले, की तिला वाटे, पाण्याखाली एक घर आहे आणि तिथली माणसं ओठ हलवताहेत.

एका दुपारी दिग्दर्शकांचा घसा बसला. साहेबांनी तिला त्यांच्या खुर्चीत बसवलं. "थेट प्रक्षेपण आहे. जमलं तर खुर्ची तुझी, नाहीतर आहेच तुझं घड्याळ."

तिनं कॅमेरा 'एक' म्हटलं की पडद्यावर निवेदिका, 'दोन' म्हटलं की पाहुणी. पाहुणी म्हणजे लाँड्रीत चाळीस वर्षं इस्त्री करत आलेल्या एक आजी.

"इतकी वर्षं एकच काम. कंटाळा नाही आला?" निवेदिकेनं हसत विचारलं.

आजींचे हात टेबलावरचं कापड सपाट करत राहिले. सुरकुती नव्हतीच, तरी. आता 'एक' म्हणून निवेदिकेकडे वळायचं होतं. ती त्या हातांबरोबर कुठल्या कुठे निघून गेली. पडद्यावर हात, नुसते हात. बाकीचे सगळे तिच्याकडे पाहू लागले.

"आला ना," आजी म्हणाल्या. "पण विचारलं कोणी?"

कार्यक्रम संपताच साहेब आत आले. "सतरा सेकंद! मुद्दाम थांबलीस?"

हो म्हणाली असती तर सुटली असती. "नाही साहेब. विसरले. तंद्री लागली."

साहेबांनी चष्मा पुसला, पुन्हा पुसला. "हे बाहेर कुणाला सांगू नकोस. सोमवारी याच खुर्चीत ये."

घरी तरंगतच आली, तर दारातच करपल्याचा वास. बंद टीव्हीसमोर आई मांडीवर टॉवेल घेऊन बसलेली.

"दूध उतू गेलं गं," आई म्हणाली. "त्या आजींचे हात बघता बघता. माझ्याच हातून."

'जमिनीवर या' अगदी जिभेवर आलं होतं. ते गिळून ती आईशेजारी बसली. "आई, तुला आला का गं कधी कंटाळा?"

आई टॉवेल सपाट करत राहिली. लेकीनं घाई केली नाही.