मेजवानीतली ओंजळ

आमच्या यवतमाळच्या शाळेतले ड्रॉइंग मास्तर गावाच्या लेखी सटकलेले होते. माझ्या लेखी त्यांच्याइतका धीट माणूस जिल्ह्यात नव्हता. चावीच्या छोट्या कॅमेऱ्यावर ते तीन-चार मिनिटांचे मुके सिनेमे काढत. एकात जमीनदार मालगुजार आरशापुढे फेटा बांधतो आणि फेटा संपतच नाही. शेवटी मालगुजारच दिसेनासा होतो. दुसऱ्यात एक बाई भाकरीशी सोन्याचे दागिने खाते, अगदी चवीनं. लोक विचारत, याचा अर्थ काय? मास्तर म्हणत, "मले ठाऊक असता तं निबंध नसता लिहिला?"

मी तिथंच नवा शिक्षक होतो. आमचं घर छप्पन साली बौद्ध झालं, त्याला सहा-सात वर्षं झाली होती. मास्तरांच्या नव्या सिनेमात बड्या लोकांची मेजवानी होती. मखमली कोट, चांदीची ताटं आणि ताटात नुसती कापसाची रुई. पाहुणे ती गळ्याशी येईस्तोवर बकाबका खातात. मुख्य पाहुण्याच्या पाटावर मास्तरांनी मला बसवलं. गावजेवणात आमच्या लोकांची पंगत पार उकिरड्याकडेला बसायची. मी इथं ऐटीत मांडी घातली. सरकी काढायच्या जिनातल्या रिकाम्या गोदामात चित्रण झालं. वाढपी झाले होते आमच्या शाळेचे क्लार्क, पाटील घराण्यातले, स्वभावानं भले.

रीळ धुऊन आलं. शाळेच्या हॉलमध्ये खिडक्या लावून, पांढरं धोतर ताणून सगळ्यांनी पाहिलं. पडद्यावर क्लार्क माझ्यापुढे आले आणि परात हातभर वर धरून त्यांनी रुई वरून सोडली. समोर चांदीचं ताट असताना मी दोन्ही हातांची ओंजळ पुढं केली होती. चित्रणाच्या वेळी आम्हा दोघांनाही ते कळलं नव्हतं. हॉलमध्ये वाहवा झाली. काय कल्पना सुचली, लोक म्हणाले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

दुसऱ्या दिवशी मी मास्तरांना तो तुकडा काढायला सांगितला. आठवड्याभरात नागपूरचे जाणकार सिनेमा बघायला येणार होते, हे मला माहीत होतं, तरी सांगितलं. मास्तर बराच वेळ फिल्म उजेडात धरून बघत राहिले.

"माह्या साऱ्या सिनेमायत हाच तुकडा खरा हाय, गुरुजी," ते म्हणाले. "पण हात तुमचे हायेत."

आणि त्यांनी कात्री माझ्याकडे दिली. एवढं मोठं मन मी पुढं कुणात पाहिलं नाही.

मी कापला. घरी येऊन तो तुकडा चुलीत टाकला. तो आक्रसला, काळा झाला. भाकरी थापता थापता आईनं विचारलं, "काय जाळून राह्यला रे?"

"सवय," मी म्हणालो.