वालेरियानचं न झालेलं मरण

वालेरियान केंजोर आमच्या तार्नुव शहरातल्या नाट्यगृहात एकतीस वर्षं मरत होता. सिनेमात तर त्याहून जास्त. युद्धपट निघाला की तार यायची: जर्मन अधिकारी हवा, पहिल्या अर्ध्या तासात गोळी. त्यामुळे खाटकाच्या रांगेत बायका त्याला मुद्दाम मागे ढकलायच्या. "तुम्हाला कशाला हवंय सॉसेज? आमचं गाव जाळलंत ना परवा!" तो टाचा जुळवून सलाम ठोकायचा आणि मुकाट रांगेच्या शेवटी जायचा. मोठी भूमिका त्याला कुणी दिली नाही, त्यानेही कधी मागितली नाही. मी तिथली प्रॉम्प्टर, विंगेत वही धरून नटांना विसरलेली वाक्यं पुरवणारी. मला त्याच्या या गरीबपणाचा भयंकर राग यायचा.

त्याची बायको गेनोवेफा प्रत्येक नाटकाला सहाव्या रांगेत असायची. मग एकदा स्वयंपाकघरात त्याला हृदयाचा झटका आला. तो वाचला, पण तेव्हापासून तिने नाट्यगृहाची पायरी चढली नाही. "खरं बघून झालंय माझं. आता खोटं कशाला बघू?" निवृत्तीच्या प्रयोगाला तरी तिने यावं म्हणून त्याने महिनाभर विनवण्या केल्या. "येईन," ती म्हणाली, "पण तू पलंगावर आडवा झालास की मी उठणार."

त्याची भूमिका श्रीमंत काकांची. पहिल्या अंकाच्या शेवटी मरायचं, मग दोन अंक पुतणे आणि पुतणी मृत्युपत्रावरून भांडणार. नाटकाचाही तो शेवटचा प्रयोग, म्हणजे आमच्याकडचा हिरवा प्रयोग. त्या दिवशी नट प्रेक्षकांना कळू न देता एकमेकांच्या खोड्या काढतात. चहाच्या कपात व्होडका ओततात, बूट खिळ्यांनी जमिनीला ठोकून ठेवतात. मी डॉक्टरचं काम करणाऱ्या क्सावेरीला गाठलं.

"आज त्याला मारू नकोस."

"अहो ओतिलियाबाई, मग पुढचे दोन अंक काय करायचे?"

"मला काय विचारतोस? नट तू की मी?"

वालेरियान पलंगावर आडवा झाला. विंगेतून मला दिसलं, गेनोवेफा पर्स उचलून उठली आणि शेजाऱ्यांचे गुडघे ओलांडत निघाली. क्सावेरीने नाडी धरली.

"काही झालेलं नाही यांना! कोबी जास्त खाल्लाय. उठा काका!"

पुतणे थिजले. एकाच्या हातातलं मृत्युपत्र खाली पडलं. वालेरियानने एक डोळा उघडून माझ्याकडे पाहिलं. घामाघूम झाला होता बिचारा.

"ओतिलिया," तो पुटपुटला, "पुढे काय?"

"वहीत तू मेलायस. आता तुझा तू जग."

तो हळूहळू उठून बसला. समोर अंधारात दाराशी पोचलेली गेनोवेफा पाठमोरी दिसत होती.

"कुठे निघालीस?" एकतीस वर्षांत मी त्याचा एवढा मोठा आवाज ऐकला नव्हता. "बस की जरा. मी आहे अजून."

प्रेक्षकांना वाटलं, पुतणीला म्हणाला. लोक हसले. मी विंगेत उभी राहून चक्क रडत होते. गेनोवेफा वळली, आणि मिळेल त्या खुर्चीवर बसली.