क्वार्टर सोडताना अडलेलं गाऱ्हाणं

अलोऱ्याच्या कॉलनीत कुणीही क्वार्टर सोडून निघालं, की गाऱ्हाणं घालायला रघू मांडवकरच लागायचे. पॉवरहाऊसमधले ऑपरेटर. एरवी चार शब्द बोलायचे नाहीत, पण हातात नारळ आला की आवाज खणखणीत. जागेवाल्याला, म्हणजे त्या जमिनीच्या राखणदाराला, सांगायचं: ही माणसं आता अमक्या गावी निघाली, सुखरूप पोचव. जमलेल्यांनी म्हणायचं, "होय महाराजा!"

आज निवृत्त होऊन ते स्वतःच निघाले होते. मुलाने, हर्षदने, चिपळुणात फ्लॅट घेतलेला. टेम्पो भरून दारात उभा. आणि त्यांची बायको, जनीकाकू, रिकाम्या स्वयंपाकघरात पुन्हा केर काढत होती.

"अगो, पुरे! नवी माणसं काय फरशीवर जेवणार हायत?"

"माझा केर मला काढू द्या. तुम्ही नारळ घ्या."

मागच्या जांभळाखाली शेजारी जमले. रघूकाकांनी डोळे मिटले.

"बा जागेवाल्या, तुझ्या जिवावर पोरं वाढली..."

"होय महाराजा!"

"आज तुझी जागा सोडून आम्ही दापोलीला, आमच्या जुन्या घरी निघालो. तिथं सुखरूप ठेव."

"होय महाराजा!"

सगळ्यात मोठा आवाज जनीकाकूंचा. नारळ फुटला, आणि मग सगळे एकमेकांची तोंडं बघायला लागले.

"बाबा, दापोली? ते घर कधीचं बंद आहे!" हर्षद म्हणाला.

"मी... दापोली म्हटलं?"

"म्हटलात! आणि आई, तू होय म्हणालीस!"

"सगळे म्हणाले, मी म्हणाले! ऐकतंय कोण?"

शेजारच्या गंगुबाईंनी गालावर बोट ठेवलं. "आता शब्द गेला, बाई. राखणदार दापोलीच्या वाटेला लागणार नि तुम्ही चिपळुणात!"

दुसरा नारळ आला. काकांनी तोंड उघडलं, मिटलं. 'चिपळूण' काही बाहेर येईना.

"काय कळत नाय गो. दुसऱ्यांचं सांगताना कधी अडलो नाय."

काकूंनी नारळ त्यांच्या हातातून काढून घेतला. बायकांनी गाऱ्हाणं घालायची इथे रीत नव्हती.

"बा महाराजा, ह्यांचं डोकं ठिकाणावर नाय. माझंही नाय. कुठंही ने, पण दोघांना एकाच घरात ने."

होय म्हणायचं की नाही, कुणालाच कळेना. शेवटी गंगुबाईंनीच हळूच म्हटलं, "होय महाराजा."

टेम्पोवाला बाळा डोकं खाजवत पुढे आला. "काकू, पण ते एक घर कुठलं? मला गाडी न्यायची हाय."

"दापोली काय नि चिपळूण काय, बहादूरशेख नाक्यापर्यंत रस्ता एकच," काका म्हणाले. "तिथवर तर चल."